मागच्या खोलीतलं शिलाई मशीन

प्रश्न:

मी वसईला राहते. वय ६१. मिस्टरांना जाऊन सहा वर्षं झाली. त्यांची पेन्शन येते, त्यात माझं एकटीचं भागतं. चार वर्षांपूर्वी वाडीचा एक तुकडा विकला. मुलांचं मुलांना दिल्यावर माझ्याकडे चार लाख उरले. नुसते पडून राहण्यापेक्षा अडलेल्यांच्या उपयोगी पडतील म्हणून मी ते फिरवायला लागले. भाजीवाल्या, रिक्षावाले, घरकाम करणाऱ्या बाया अशी चौदा माणसं आहेत. शेकडा पाच घेते. आमच्या भागात दहा घेणारेही आहेत. तारण म्हणून कुणाचा सही केलेला कोरा चेक, कुणाचं कानातलं. सगळं एका बिस्किटाच्या डब्यात ठेवलंय. लोक म्हणतात, तुम्ही होतात म्हणून निभावलं.

शिवणकाम करणाऱ्या एका बाईने मुलाच्या ऑपरेशनसाठी वीस हजार नेले. सव्वीस महिने दर महिन्याला हजार रुपये आणून दिले, एकदाही चुकली नाही. पुढे तीन महिने जमलं नाही, तेव्हा तिने स्वतःचं शिलाई मशीन आणून माझ्याकडे ठेवलं. मी मागितलं नव्हतं. मागच्या खोलीत चादर टाकून ठेवलंय. मध्ये एका रविवारी मिस्सेत वाचन झालं, की गरिबाचं पांघरूण गहाण घेतलंस तर सूर्य मावळायच्या आत परत दे. तेव्हापासून मला त्या खोलीत जाववत नाही.

मुलगा म्हणतो, बँका घेतात ते काय असतं? येशूनेच दाखल्यात सांगितलंय, पैसे व्याजाने लावायचे होते. मुलगी म्हणते, व्याज म्हणजे पापच. फादरांना विचारायची लाज वाटते, कारण नाताळला देवळाला देणगी देते ती याच पैशातली. मी पाप करते आहे का? आणि करत असेन, तर आता काय करू?

— एक ताई, वसई

उत्तर:

प्रिय ताई,

ते मशीन उद्या सकाळी परत गेलं पाहिजे. बाकीचं सावकाश ठरवता येईल, पण हे नाही. रविवारी तुम्ही ऐकलंत ते पांघरुणाचं वचन बायबलमधल्या ‘निर्गम’ या पुस्तकाच्या बाविसाव्या अध्यायातलं. तसंच एक वचन ‘अनुवाद’ या पुस्तकाच्या चोविसाव्या अध्यायात आहे, आणि ते मला पांघरुणाच्या वचनाहून जास्त हलवतं. कुणाचं जातं, किंवा जात्याची नुसती वरची तळीसुद्धा, गहाण घेऊ नये. कारण ते त्या माणसाचा जीवच गहाण घेणं आहे. एक तळी नेली की दुसरी बिनकामाची होते, दळण थांबतं, चूल थांबते. मोशेच्या नियमशास्त्राने एवढा बारीक विचार केलाय. तुमच्या मागच्या खोलीत चादरीखाली आहे ती त्या बाईच्या जात्याची तळी. मशीन तुमच्याकडे आणि हप्ता तिच्याकडे, मग तिने तो भरायचा कशातून?

तुम्ही लिहिता, मी मागितलं नव्हतं, तिनेच आणून ठेवलं. मी मानते ते. पण याच वाक्यापाशी थोडं थांबू या.

माझ्या लहानपणी आमच्या घरी दर महिन्याच्या पाच तारखेला एक गृहस्थ यायचे. वडिलांच्या आजारपणात आईने त्यांच्याकडून पैसे घेतले होते. घरात चांगले म्हणावेत असे दोनच कप होते, सोनेरी काठाचे. ते वरच्या फळीवर असायचे आणि पाच तारखेलाच खाली यायचे. आई त्यांना बिस्किटं द्यायची, त्यांच्या मुलांची चौकशी करायची, आणि जाताना दर वेळी म्हणायची, ‘तुमचे फार उपकार आहेत.’ ते गेले की कप धुवून पुसून परत वर ठेवायची आणि नंतर बराच वेळ कुणाशी बोलायची नाही. ते गृहस्थ वाईट नव्हते. आपण या घराचा आधार आहोत असंच त्यांना वाटत असणार. तसं वाटू नये असं कुणी त्यांच्या कानावर घातलंच नाही, कारण ज्याचं देणं आहे त्याला माणूस खरं सांगत नाही.

तुमच्याकडे येणाऱ्या चौदा जणांचे आभार खोटे आहेत असं मी म्हणत नाही. अडल्या वेळी तुम्ही खरंच उपयोगी पडलात. पण त्या आभारांवर हिशेब सोडू नका. हिशेब वहीत बघायचा, म्हणून आधी वही उघडू या.

शेकडा पाच म्हणजे महिन्याला पाच टक्के, वर्षाला साठ टक्के. वीस हजारांचं महिन्याचं व्याजच हजार होतं. म्हणजे त्या बाईने सव्वीस महिन्यांत सव्वीस हजार भरले आणि मुद्दलातला एक रुपयाही कमी झाला नाही. आता हेच कर्ज महिन्याला दीड टक्क्याने धरून पाहा. हजारच हप्ता ठेवायचा, आधी व्याज वळतं करायचं आणि उरेल ते मुद्दलात टाकायचं. पहिल्या महिन्यात तीनशे व्याजात गेले, सातशे मुद्दलात. दुसऱ्या महिन्यात व्याज आणखी थोडं कमी. असं करत गेलात तर चोविसाव्या हप्त्याला कर्ज संपतं. मी कागदावर मांडून पाहिलं, तुम्हीही मांडा. त्या बाईने त्यानंतर आणखी दोन हप्ते दिले आहेत. ताई, तिच्याकडे तुमचं काही येणं नाही. दोन हजार तुम्हीच तिला देणं लागता.

दीड टक्का मी मनाने घेतलेला नाही. महाराष्ट्रात सावकारी नियमनाचा कायदा २०१४ सालापासून आहे. परवानाधारक सावकाराने बिगरशेतकऱ्याला बिनतारण कर्ज दिलं तर वर्षाला अठरा टक्के आणि तारण घेऊन दिलं तर पंधरा, असा दर सरकारने ठरवून दिला. शेतकऱ्याला त्याहून कमी: तारणावर नऊ, बिनतारण बारा. हे सगळे वर्षाचे दर आहेत. आणि हा धंदा सहकार खात्याच्या निबंधकांच्या परवान्याशिवाय करताच येत नाही. केला तर कैदेची तरतूद आहे. तुम्हाला घाबरवण्यासाठी हे लिहीत नाही. पण ‘दहा घेणारेही आहेत’ या वाक्याने तुम्ही स्वतःची जी समजूत घातली होती, तिला कायद्यात जागा नाही. आपल्याकडच्या जुन्या धर्मशास्त्रातसुद्धा दामदुपटीचा नियम होता, व्याज वाढत वाढत मुद्दलाएवढं झालं की थांबलंच पाहिजे. शिवणकाम करणाऱ्या बाईच्या बाबतीत तुम्ही तीही रेघ ओलांडलीत.

आता तुमच्या मुलांचं भांडण. हे भांडण तुमच्या घरात आज आलं, ख्रिस्तसभेत ते दोन हजार वर्षं चाललंय.

मुलीच्या बाजूने बोलायचं तर वचनांची रांग लागेल. हिब्रू भाषेत व्याजाला ‘नेशेख’ म्हणतात, आणि तो शब्द चावणं या धातूवरून आला आहे. इ. स. ३२५ मध्ये निकियाला जी धर्मसभा भरली, जिच्या नावाचा विश्वासांगीकार आपण रविवारी म्हणतो, तिच्या सतराव्या नियमात व्याज घेणाऱ्या धर्मगुरूंना पदावरून काढावं असं आहे. तिथे ज्या दराचा राग आला तो महिन्याला शेकडा एक. ११७९ मध्ये रोमला भरलेल्या तिसऱ्या लॅटरन धर्मसभेने तर उघड व्याजखोराला ख्रिस्तप्रसाद नाही, ख्रिस्ती दफन नाही आणि त्याचं अर्पणही घ्यायचं नाही, असं ठरवलं. देणगीचं तुमचं टोचणं उगाच नाही.

संत थॉमस अक्वायनस यांनी तेराव्या शतकात कारण दिलं ते आजही विचार करण्याजोगं आहे. घर भाड्याने देता येतं, कारण राहून झालं तरी घर उरतं. गहू किंवा द्राक्षारस वापरला की संपतो. त्याची किंमत घेऊन वर वापराचेही पैसे मागितले तर एकाच वस्तूचे दोनदा पैसे घेतले असं होतं. त्यांच्या मते पैसाही असाच, खर्च झाला की गेला.

पण व्यवहार त्याच्या पुढे गेला. पैसा नुसता खर्च होत नाही, तो पेरताही येतो, हे व्यापार वाढला तसं लोकांना दिसलं. सोळाव्या शतकात जिनिव्हात प्रोटेस्टंट धर्मसुधारक कॅल्विन म्हणाले, धंद्यासाठी दिलेल्या पैशावर माफक व्याज घ्यायला हरकत नाही, पण गरजवंताकडून घेऊ नका. रोमला, म्हणजे कॅथलिक ख्रिस्तसभेला, आणखी वेळ लागला. १७४५ मध्ये पोप चौदावे बेनेडिक्ट यांनी जुनी शिकवण पुन्हा ठामपणे मांडली, मात्र पैसे देणाऱ्याचं नुकसान किंवा जोखीम असेल तर त्याचा मोबदला वेगळा, हे मान्य केलं. पुढे १८३० च्या सुमारास पापनिवेदन ऐकणाऱ्या धर्मगुरूंना रोमहून कळवलं गेलं, की कायद्यात बसेल असं माफक व्याज घेणाऱ्याला छळू नका. म्हणून व्याज म्हणजे पापच, हे तुमच्या मुलीचं म्हणणं आज जसंच्या तसं कुणी फादर सांगणार नाहीत.

मुलाने दाखला दिला तो मत्तयाच्या पंचविसाव्या अध्यायातला: धनी चाकरांना तालांत सोपवून जातो, आणि पुरून ठेवणाऱ्याला म्हणतो, पैसे व्याजाने लावायचे होतेस. तो घाईने वाचलाय असं मला वाटतं. एक तालांत म्हणजे मजुराची वीसेक वर्षांची मजुरी. धन्याने चाकरांना दिलं ते मोठं भांडवल होतं, व्यापार करायला. त्या दाखल्यात कुणी आजारी नाही, कुणाच्या मुलाचं ऑपरेशन नाही, कुणी काही गहाण टाकलेलं नाही. शिवाय येशूच्या दाखल्यात लबाड कारभारीही येतो. तो येतो म्हणून लबाडी शिकायची नसते. उसनं कसं द्यावं हे येशूने सरळ सांगितलंय ते लूकच्या सहाव्या अध्यायात: परत मिळण्याची आशा न धरता द्या.

आणि बँकेबद्दल तुमचा मुलगा म्हणतो ना, तर आपल्या वसईचंच बघू. कर्जाच्या पायी माणसं बुडू नयेत यासाठी ख्रिस्ती लोकांनी नुसती प्रवचनं दिली नाहीत, संस्था उभ्या केल्या. इटलीत पेरुज्याला १४६२ मध्ये फ्रान्सिस्कन साधूंनी गरिबांसाठी तारणपेढी काढली. तिचं नाव ‘मोंते दी पिएता’, म्हणजे दयेचा डोंगर. लोकांच्या देणग्यांतून भांडवल, तारण ठेवून छोटी कर्जं, आणि कारकुनाचा पगार, जागेचं भाडं निघेल एवढंच वर घ्यायचं. हे तरी चालेल का यावर साधूसाधूंमध्ये जोरात भांडणं झाली, आणि १५१५ च्या पाचव्या लॅटरन सभेने चालेल म्हणून निकाल दिला. पुढे जर्मनीत फ्रीड्रिख राइफायझेन या खेड्यातल्या भाविक प्रोटेस्टंट अधिकाऱ्याने १८४६-४७ च्या दुष्काळी हिवाळ्यात गरिबांना भाकरी मिळावी म्हणून मंडळ काढलं, त्यातून गावाच्या पतपेढ्या उभ्या राहिल्या. भारतातला १९०४ चा सहकारी पतसंस्थांचा कायदा करताना हाच नमुना डोळ्यांपुढे होता. आणि १९१८ साली आपल्या वसईत बॅसीन कॅथलिक को-ऑपरेटिव्ह बँकेची सुरुवात झाली ती याच वाटेवर. व्याज तिथेही आहे. फरक असा की ते कर्ज फेडता फेडता संपतं. तुमचं सव्वीस महिन्यांत जागचं हललं नाही.

इतक्या शतकांत ख्रिस्तसभेने व्याजाबद्दल कितीतरी गोष्टी बदलल्या, पण माणसाच्या अडचणीतून नफा काढायचा नाही, हे एकदाही बदललं नाही. म्हणून तुमच्या प्रश्नाला सरळ उत्तर देते. होय ताई, हे चूक आहे. तुम्ही पैसे दिलेत ते धंदा वाढवायला नाही, ऑपरेशनला, फीला, घरभाड्याला दिलेत, आणि अशा दराने दिलेत की घेणारा त्यातून बाहेर पडूच नये. मनात वाईट नव्हतं हे खरं, आणि देवापुढे त्याला वजन आहे. वहीत मात्र त्याने आकडा बदलत नाही.

एक माणूस तुमच्या सोबतीला देते. बायबल काढून नहेम्याचा पाचवा अध्याय वाचा. यरुशलेमात दुष्काळ, लोकांनी शेतं, द्राक्षमळे, घरं गहाण टाकलेली, मुलं-मुली दास्यात दिलेली. नहेम्या तिथला सुभेदार. तो सावकारांवर संतापतो, पण मधेच म्हणतो की मी आणि माझे भाऊबंदही लोकांना पैसे आणि धान्य उसने देत आलो आहोत. चला, आपण सगळेच हे सोडून देऊ. तो स्वतःला बाजूला काढत नाही, हे मला त्याचं सगळ्यात मोठं वाटतं. घेतलेला शंभरावा हिस्सा परत द्या म्हणतो. बहुतेक अभ्यासक तो महिन्याचा दर धरतात, म्हणजे पुन्हा शेकडा एकच. आणि त्याने सांगितलं, आजच्या आज.

तेव्हा तुमच्या चौदा जणांचं असं करा. प्रत्येकाचं पान उघडा आणि दीड टक्क्याने नव्याने हिशेब मांडा. ज्याचं फिटलंय त्याला फिटलं म्हणून कागदावर लिहून द्या. जास्त आलंय ते परत करा, एकदम जमत नसेल तर थोडं थोडं. ज्याचं मुद्दल उरलंय त्याच्याकडून फक्त मुद्दल घ्या, त्याला झेपेल त्या हप्त्याने, आणि इथून पुढे व्याज नाही. बिस्किटाचा डबा रिकामा झाला पाहिजे. कानातलं ज्याचं त्याला, आणि कोरे चेक त्या माणसाच्या देखत फाडा. नवीन कुणाला या पद्धतीने देऊ नका. कायद्याची भीती मनात असेल तर ओळखीच्या वकिलाला वही दाखवून मगच माणसांना बोलवा.

तुमच्या पैशाचं काय, हाही प्रश्न खरा आहे. चार लाख पूर्ण फिरत असतील तर तुम्हाला महिन्याला वीस हजार मिळत होते. मुद्दल परत आलं की ते पोस्टात ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत ठेवा. तुमचं वय बसतं. एप्रिल २०२३ पासून तिथे ८.२ टक्के दर होता. चालू दर खिडकीवर विचारा. त्या दराने चार लाखांवर तीन महिन्यांना आठ हजार दोनशे येतात. वीस हजार महिना कुठे आणि हे कुठे, हे मला कळतं. ही झीज तुम्हाला सोसावी लागेल. पण पेन्शनीत तुमचं भागतं असं तुम्हीच लिहिलंय, आणि त्या ओळीवर भरवसा ठेवूनच मी हे एवढं स्पष्ट लिहिते आहे.

अडलेल्यांना मदत करायची तुमची हौस मात्र सोडू नका. भाजीवाल्यांना पीएम स्वनिधीची माहिती द्या; फेरीवाल्यांसाठी २०२० पासून ती कर्जाची योजना आहे, तारण लागत नाही. फॉर्म भरायला बसाल तर ती मोठी मदत होईल, कारण बहुतेकींचं घोडं तिथेच अडतं. बायांचा बचतगट नसेल तर तुम्ही पुढाकार घ्या. गटातही व्याज असतं, पण ते गटाच्याच पेटीत पडतं आणि वर्षाअखेरी त्याच बायांकडे परत जातं. आणि दहा-वीस हजार बाजूला काढून ठेवा, औषधपाण्याला बिनव्याजी द्यायला. ते बुडाले तर बुडाले असं समजूनच द्या.

देणगीचं म्हणाल तर यंदा नाताळला देवळाला देऊ नका. आधी ज्यांचे आहेत त्यांचे परत करायचे. जकातदार जक्कयाने येशूपुढे काय कबूल केलं ते आठवा: ज्याचं अन्यायाने घेतलं त्याला चौपट परत. फादरांकडे जाल तेव्हा हिशेबाची वही सोबत न्या. त्यांनी असं काही पहिल्यांदाच ऐकलं असेल असं समजू नका. लाज वाटते म्हणता, ती वाटू दे, पण जा.

राहिलं मशीन. जात्याच्या तळीचं वचन आहे त्याच अनुवादाच्या चोविसाव्या अध्यायात पुढे आहे, की गहाण आणायला गेलास तर त्याच्या घरात शिरू नकोस, बाहेर उभा राहा. ते घेताना पाळायचं होतं, तुम्ही देताना पाळा. तिला बोलावून घेऊ नका, रिक्षात घालून तुम्हीच घेऊन जा. मुलाला उचलायला सोबत घ्या, म्हणजे त्यालाही कळेल. दारात उभं राहून सांगा की तुझं फिटलंय, आणि दोन हजार तिच्या हातात द्या. ती चहाला आत बोलावेल, तेव्हा आत जा. आणि मशीन इतके दिवस बंद आहे, जाताना तेलाची एक छोटी बाटली घेऊन जा.